चुन्याचा श्वास

एका वाटीत पाणी घ्या. पानाला लावतात तो चुना, नखावर मावेल एवढा, त्यात कालवा आणि वाटी झाकण न घालता बाजूला ठेवा. घरात चुना नसेल तर मनातल्या मनात ठेवा. नाहीतरी आजची सगळी वाट मनानेच चालायची आहे. पाणी आत्ता गढूळ, पांढरं दिसेल. त्याला हलवू नका. त्याचं ते निवळेल.

आता निघू. मेक्सिकोच्या युकातान राज्यातलं मेरिदा शहर, सकाळची वेळ, ऊन अजून सोसण्यासारखं. आपल्याला दक्षिणेला सुमारे ८० किलोमीटरवर उश्मालला जायचं आहे. माया लोकांचं जुनं नगर. रस्ता सरळ, जमीन पोळपाटासारखी सपाट, दोन्ही बाजूंना खुरटं, दाट रान. खिडकीतून बाहेर बघत राहा, पण काय दिसतंय त्यापेक्षा काय दिसत नाही याकडे लक्ष द्या. बराच वेळ झाला तरी एकही पूल लागला नाही, हे कधीतरी ध्यानात येईल. पूल नाही, कारण नदी नाही. उत्तर युकातानात जमिनीवरून वाहणारी नदीच नाही. पाऊस पडतो, चांगला पडतो, पण खालचा खडक चुनखडीचा. पडलेलं पाणी तो पिऊन टाकतो. काही ठिकाणी या खडकाचं छत कोसळून खालचं पाणी उघडं पडलं आहे. त्या नैसर्गिक विहिरींना ‘सेनोते’ म्हणतात आणि त्यांच्या काठाने गावं वसली.

मुना गाव मागे पडलं की रस्ता पहिल्यांदाच चढू लागतो. आपल्या घाटांची सवय असलेल्याला हा चढ वाटणारही नाही, पण मायाभाषेत या मुलखाचं नावच ‘पूक’ आहे, म्हणजे टेकड्या. इथे सेनोतेही नाहीत. पाणी आहे, पण फार खोल, दोर पोचणार नाही इतकं. आणि नेमक्या या जागी हजारो माणसांचं नगर उभं राहिलं. कसं, हा प्रश्न लगेच सोडवू नका. खडीसाखरेसारखा तोंडात धरून ठेवा.

श्वास घ्या. सोडा. सोडलेल्या श्वासाकडे थोडं जास्त लक्ष द्या, त्याचं काम पुढे आहे.

फाटकाशी गाईड भेटेल. इथले बरेचसे गाईड आसपासच्या गावांतले आहेत आणि घरी मायाभाषा बोलतात. ही भाषा संग्रहालयातली नाही; युकातान द्वीपकल्पावर आजही लाखो लोक तिच्यातच बाजार करतात, भांडतात, अंगाई म्हणतात. एकमेकांना भेटल्यावर ते विचारतात, ‘बिश अ बेल?’ शब्दशः अर्थ, तुझी वाट कशी आहे? कसं काय चाललंय, असं आपण विचारतो तेव्हा आपल्याही मनात चालणंच असतं, फक्त आपल्याला ते ऐकू येईनासं झालंय. उत्तर घाईने देऊ नका. खरंच, कशी आहे?

आत शिरताच ‘जादूगाराचा पिरॅमिड’ समोर येतो. सुमारे ३५ मीटर उंच, आणि कोपरे गोलावलेले, त्यामुळे दगडी असूनही तो हातांनी थापल्यासारखा दिसतो. अंड्यातून जन्मलेल्या एका बुटक्याने तो एका रात्रीत बांधला, अशी गोष्ट गाईड सांगेल. पुरातत्त्वज्ञ म्हणतात, पाच टप्प्यांत, एकावर एक. मला दोन्ही पटतात. आईने घर कधी आवरलं हे मुलांना कुठे दिसतं? मग सगळे पायऱ्यांसमोर उभे राहून टाळ्या वाजवतील, कारण पायऱ्यांवरून येणारा पडसाद पाखराच्या चिवचिवाटासारखा लागतो. तुम्हीही वाजवा. एकदाच. दुसरी टाळी मोबाइलच्या चित्रफितीसाठी असते.

चढायला बंदी आहे, ते बरंच आहे. एखाद्या भिंतीपाशी सावली शोधून बसा. शेजारी दगडावर एखादी इग्वाना ऊन खात असेल. ती हलणार नाही. तुम्हीही हलू नका.

आता या भिंतीकडे बघा. बाहेरून तासलेल्या दगडांचा पातळ थर आहे आणि आत गोटे, चुरी, चुना यांचा घट्ट काला. भार सगळा आतल्या काल्यावर. तेव्हा ही भिंत जितकी दगडाची, तितकीच चुन्याची. चुना कसा केला? ओल्या लाकडांची मोठी, गोल रास रचायची, वर चुनखडीचे तुकडे आणि पेटवून द्यायचं. सुमारे ९०० अंशांच्या आसपास आच गेली की दगडातला कर्बवायू बाहेर पडतो. दगड श्वास सोडतो, असंच म्हणा. मागे उरते हलकी, पांढरी, जहाल कळी. तिच्यावर पाणी घातलं की ती फसफसून फुलते आणि भिंतीत थापली की हळूहळू हवेतून तोच वायू परत ओढून घेते. महिने, वर्षं. घेता घेता पुन्हा दगड होते.

शाळेतला प्रयोग आठवा. चुन्याच्या निवळीत नळीने फुंकायचं आणि निवळी दुधाळ व्हायची. बाईंनी फळ्यावर समीकरण लिहिलं, आपण वहीत उतरवलं, परीक्षेत एक गुण मिळाला. कोणी सांगितलं नाही की तो दुधाळपणा म्हणजे आपल्या श्वासाचा झालेला दगड.

इथे थांबा. डोळे मिटले तरी चालेल. हजार-अकराशे वर्षांपूर्वी या ठिकाणी गवंडी काम करत होते. दमून धापा टाकत होते. कोणी चुना कालवता कालवता गाणं म्हणत असेल, कोणी मुकादमाला शिव्या घालत असेल. त्यांच्या छातीतून निघालेली हवा या ओल्या चुन्यावरून गेली, आणि चुना आसपासची हवा पीत होता. त्यातला किती श्वास कुणाचा, ते कसं मोजणार? पण त्या काळची हवा भिंतीत कोंडलेली आहे, हे कविकल्पना म्हणून सांगत नाही. गिलाव्यात अडकलेल्या कर्बावरून बांधकामाचं वय काढण्याची पद्धत शास्त्रज्ञ वापरतात. मायाभाषेत वाऱ्याला आणि श्वासाला एकच शब्द आहे, ‘इक’. तुमचा श्वास आत्ता भिंतीला लागतो आहे. लागू द्या.

उठा. पुढच्या चौकाला स्पॅनिश लोकांनी ‘जोगिणींचा मठ’ असं नाव दिलं, त्यांना त्यांच्याकडचे मठ आठवले म्हणून. जोगिणींचा त्याच्याशी संबंध नाही. चारी बाजूंना लांबट इमारती. खालचा भाग साधा, कोरा, आणि वर दगडांच्या जाळीदार नक्षीची गर्दी. त्या गर्दीत पुन्हा पुन्हा एक मुखवटा येतो. चौकोनी डोळे आणि सोंडेसारखं वळलेलं नाक. हा चाक, पावसाचा देव, असं गाईड म्हणेल. काही अभ्यासक त्यात पर्वताचं रूप पाहतात. पण ज्या गावात विहीर नाही त्याने आपल्या घरावर पावसाचंच तोंड शंभरदा कोरलं, तर त्यात समजून सांगण्यासारखं काय आहे? मराठवाड्यातल्या माणसाला तर मुळीच सांगावं लागणार नाही.

मघाचा प्रश्न तोंडात आहे ना? उत्तर पायाखाली आहे. या चौकांना चुन्याची फरसबंदी होती, किंचित उतार दिलेली. पावसाचं पाणी त्या उतारावरून जमिनीतल्या एका अरुंद तोंडाकडे जाई. खाली बाटलीच्या आकाराचा हौद, त्याला म्हणतात ‘चुलतून’. खडक पाणी पिऊन टाकतो म्हणून त्याला आतून चुन्याचा गिलावा. म्हणजे पाणी चोरणारा दगडच भाजून, कालवून, पाण्याच्या राखणीला बसवला. अशा एखाद्या तोंडाशी उभे राहा आणि वाकून आत बघा. अंधार, गारवा. पावसाळ्यातला पाऊस उरलेल्या कोरड्या महिन्यांसाठी धरून ठेवायचा. आपणही दुसरं काय करत आलो?

मात्र हे कायम पुरलं नाही. नवव्या-दहाव्या शतकांत या प्रदेशावर पुन्हा पुन्हा दुष्काळ आले. ते कशावरून कळलं? गुहांमधल्या लवणस्तंभांवरून. छतातून ठिबकणारं पाणी चुन्याचा कण कण ठेवून जातं आणि कोरड्या वर्षांची खूण त्या थरांत राहते. मठाच्या चौकातलं शेवटचं कोरीवकाम चाक याच नावाच्या राजाच्या काळातलं, इसवी सन ९०० च्या आगेमागे. नंतर इथले हात थांबले. एकट्या दुष्काळाने थांबले असं म्हणायला मी तयार नाही. राज्यं मोडायला माणसंही पुरतात.

वर चौथऱ्यावर ‘राज्यपालाचा वाडा’ आहे, जवळजवळ १०० मीटर लांब. हा नीट बघायला लांबूनच उभं राहावं लागतं. जवळ गेलात तर नक्षीकडे न बघता दारांच्या वरच्या तुळयांकडे बघा. त्या काळी तिथे लाकूड घातलेलं होतं, आणि ते लाकूड चिकूचं. हो, आपला चिकू. झाड मूळचं याच भागातलं, त्याच्या चिकापासून च्युइंगगम करत, आणि लाकूड असं चिवट की मायांच्या कितीतरी दारांवर ते शतकानुशतकं टिकलं. डहाणू-घोलवडच्या वाड्यांतून टोपल्या भरून येणाऱ्या फळाचे पूर्वज इथे मंदिरं पेलत होते. जॉन स्टीफन्स हा अमेरिकन प्रवासी आणि चित्रकार फ्रेडरिक कॅदरवुड १८४० मध्ये आणि पुन्हा १८४१ मध्ये इथे आले. स्टीफन्सने अक्षरं कोरलेली एक तुळई काढून न्यूयॉर्कला नेली. जपण्यासाठी. १८४२ मध्ये तिथल्या आगीत ती जळून गेली. याच्यावर काही बोलायचं नाही. नुसतं त्या रिकाम्या जागेखालून जाऊन या.

भूक लागली असेल. या मननात भूक मारायची नाही.

वाटेवरच्या खाणावळीत बसा, जिथे मागच्या बाजूने धूर येतो आहे तिथे. जमिनीत खड्डा, त्यात निखारे आणि तापलेले दगड. त्याला ‘पिब’ म्हणतात. शेंदरीच्या बिया आणि आंबट नारिंगाचा रस चोळलेलं डुकराचं मांस केळीच्या पानांत गुंडाळून त्यात ठेवतात आणि वरून बुजवतात. ते झालं ‘कोचिनीता पिबिल’. डुक्कर, नारिंग आणि केळ स्पॅनिश लोकांबरोबर आले. खड्डा, आच आणि शेंदरी इथलीच. पोपटी खाल्लेल्या अलिबागकराला पान उघडतानाचा तो पहिला वाफारा ओळखीचा वाटेल. बरोबर ‘श्निपेक’, हाबानेरो मिरचीची कोशिंबीर. शब्दाचा अर्थ कुत्र्याचं नाक. खाल्ल्यावर तुमचं नाकही तसंच ओलं होतं. मांस नको असेल तर ‘पापात्सूल’ मागा, भोपळ्याच्या बियांच्या हिरवट रसात बुडवलेल्या पोळ्या, आत उकडलेलं अंडं. अंडंही नको असेल तर ‘सिकिल पाक’, त्याच बियांची टोमॅटो घालून केलेली चटणी. काळा घेवडा मात्र विचारून घ्या, त्यात बहुधा चरबी असते.

पण पहिला घास नुसत्या पोळीचा घ्या. मक्याची, जाडसर, फडक्यात गुंडाळलेली. मायाभाषेत पोळीला ‘वाह’ म्हणतात, आणि हे मी बनवून सांगत नाही. नाकाशी धरा. मक्याच्या गोडसर वासाखाली दुसरा एक वास आहे, ओल्या भिंतीसारखा. तो चुन्याचा. इथे मका आधी चुन्याच्या पाण्यात शिजवतात, रात्रभर तसाच ठेवतात, सकाळी धुऊन दळतात. साल सुटते, पीठ चिकट होतं, पोळी तुटत नाही. आणि मक्यात अडकून बसलेलं एक जीवनसत्त्व शरीराला मिळू लागतं. युरोपने मका नेला, चुना नेला नाही. तिथे नुसत्या मक्यावर जगणाऱ्या गरिबांना पुढे पेलाग्रा झाला. कातडी सोलवटली, भ्रम झाले, माणसं मेली. बियाणं उचललं आणि बायकांचं ज्ञान मागे टाकलं. आपल्याकडेही चुन्याचा घाणा किल्ल्यावर दाखवतात, चुन्याची डबी आजोबांच्या कमरेला होती, आणि वाक्प्रचारात मात्र चुना लावणारा तो लबाड. बिचाऱ्याची विनाकारण बदनामी.

सावकाश चावा. भिंत, हौद आणि हा घास, तिघांचा दगड एकच.

परतीच्या वाटेवर आणखी एक नाव ऐकून ठेवा. मानी. इथून फार लांब नाही. १५६२ मध्ये तिथे दिएगो दे लांदा या पाद्र्याने मायांच्या पोथ्या जाळल्या. झाडाच्या सालीचा कागद, आणि अक्षरं नीट उठावीत म्हणून त्यावर पांढरा पातळ लेप. कशाचा, ते आता तुम्हीच सांगाल. पोथ्या म्हणाव्यात अशा जगात चारच उरल्या. त्या आगीत काय होतं याची यादी करू नका. तो पांढरा लेप तडकल्याचा आवाज फक्त ऐका, जमला तर.

मुनाचा उतार लागला. सपाट रान, मावळतं ऊन, पुन्हा एकही पूल नाही. जुन्या काळी उश्मालहून काबाह नगराकडे एक बांधीव रस्ता जाई, चुनखडीच्या चुरीने पांढरा केलेला. अशा रस्त्याला ‘साक बे’ म्हणत, पांढरी वाट. चांदण्यात दिवा न घेता चालता येत असेल.

आता वाटीकडे या. चुना तळाशी बसला असेल आणि वरचं पाणी नितळ झालं असेल. उजेडात तिरकी धरून नीट बघा. पाण्यावर सायीसारखा एक बारीक पापुद्रा आला आहे. तो या खोलीतल्या हवेने केलेला दगड आहे. तुम्ही इतका वेळ जवळच बसून श्वास घेत होतात.

बोटाच्या टोकाने त्याला हळूच शिवा.