साथीदाराचा अभिनय

मराठी संगीत रंगभूमीचा जो इतिहास आपण आजवर लिहिला, तो मुख्यतः नाटककारांचा आणि गायकनटांचा इतिहास आहे. किर्लोस्कर, देवल, कोल्हटकर, खाडिलकर हे एका दालनात आणि भाऊराव कोल्हटकर, केशवराव भोसले, बालगंधर्व, दीनानाथ हे दुसऱ्या दालनात, अशी त्याची मांडणी रूढ झाली असून, या दोहोंच्या मध्ये पेटी, सारंगी किंवा तबला घेऊन जो बसला होता त्याची नोंद बहुधा ऋणनिर्देशाच्या एखाद्या वाक्यात उरकली जाते. मग एखादा वादकच जेव्हा चेहऱ्याला रंग लावून प्रेक्षकांसमोर येतो, तेव्हा त्याचे स्थान कोठे लावावे हे आपल्या दफ्तराला उमगत नाही. गोविंदराव टेंबे यांच्या बाबतीत नेमके हेच घडले. हार्मोनियमवादक, संगीतकार, नट, नाटककार, मंडळीचे भागीदार, आत्मचरित्रकार अशी विशेषणांची लांबलचक यादी त्यांच्या नावामागे जोडली जाते. परंतु या यादीतील एका गुणाचा दुसऱ्याशी कोणता आंतरिक संबंध होता, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. माझे म्हणणे असे की, त्यांच्या वादनाने त्यांच्या नटपणाची पायाभरणी केली, आणि तो संबंध ओळखल्यावाचून त्यांची कारकीर्दही समजत नाही व अभिनयकलेचे एक महत्त्वाचे अंगही समजत नाही.

गोविंदराव 1881 साली जन्मले आणि 1955 साली निवर्तले. त्यांची जडणघडण झाली ती कोल्हापुरात, शाहू महाराजांच्या आश्रयाने अल्लादियाखाँसाहेबांसारखा गायक ज्या नगरीत वास्तव्य करून होता आणि देवल क्लबसारखी संस्था जेथे गाण्याच्या बैठकींना हक्काचे छत्र देत होती, त्या कोल्हापुरात. हार्मोनियमची रीतसर तालीम देणारी परंपरा त्या काळी नव्हतीच. परदेशातून आलेले ते वाद्य आपल्या देशात नुकते कोठे रुळत होते. तेव्हा त्यांचा अभ्यास झाला तो मुख्यतः कानांनी. भास्करबुवा बखल्यांसारख्या गवयाची साथ करण्याचे भाग्य त्यांना लाभले, आणि अल्लादियाखाँसाहेबांच्या गायकीचे तर ते पुढे चरित्रकारच झाले. ‘माझा संगीत व्यासंग’ आणि ‘माझा जीवनविहार’ ही त्यांची पुस्तके वाचणाऱ्यास जाणवते ती या माणसाची श्रवणशक्ती. दुसऱ्याचे गाणे ऐकून त्याचा मर्मबिंदू पकडणे हा त्यांच्या स्वभावाचा स्थायीभाव होता.

साथ हा शब्द आपण फार सैलपणे वापरतो. ख्यालगायकाची साथ करणारा पेटीवाला नेमके काय करतो, हे पाहिले म्हणजे त्यातील तपश्चर्या ध्यानात येते. गवई पुढे कोठे जाणार हे त्याला आगाऊ सांगितलेले नसते. तरी गवयाचा स्वर उमटतो न उमटतो तोच त्याची बोटे त्या स्वरावर असावी लागतात. तो मागे रेंगाळला तर गाण्याची ओढ तुटते आणि पुढे धावला तर गवयाच्या मनातील जागा श्रोत्यांपुढे अकाली उघडी पडून तिची सगळी नवलाई नाहीशी होते. गवई श्वास घेण्यासाठी थांबला की ती पोकळी भरून काढायची, पण ती इतक्या संयमाने की, त्या भरण्याकडेच लक्ष वेधले जाऊ नये. स्वतःला सुचलेली सुंदर जागा गिळून टाकणे, हा या कलेतील नित्याचा त्याग होय. दुसऱ्याच्या प्रतिभेशी क्षणोक्षणी इमान राखण्याची ही शिस्त ज्याने आयुष्याची उमेदीची वर्षे पाळली, त्याला रंगमंचावर समोरच्या नटाचे बोलणे खरोखरच ऐकण्याची विद्या वेगळी शिकावी लागत नाही.

हार्मोनियमच्या बाबतीत तर याहूनही सूक्ष्म असे एक साम्य आढळते. हे वाद्य मुळात अपुरे आहे, असा आक्षेप त्याच्यावर सतत घेतला गेला; पेटीचे स्वर बांधलेले, तिला श्रुतींचे भान नाही, एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाणारी मींड तिच्यातून निघूच शकत नाही, अशी फिर्याद संगीतशास्त्र्यांनी मांडली आणि 1940 साली ऑल इंडिया रेडिओने आपल्या कार्यक्रमांतून तिला हद्दपारही केले. आक्षेपातील शास्त्रीय भाग कोणी नाकारीत नाही. परंतु शास्त्राने जे अशक्य ठरविले त्याचा प्रत्यय महाराष्ट्रातील श्रोत्यांना कुशल वादकांनी वर्षानुवर्षे दिला, ही वस्तुस्थितीही तितकीच खरी आहे. भात्याचा दाब किंचित कमी-अधिक करून, लगतच्या स्वराचा ओझरता स्पर्श देऊन, कधी एखादी पट्टी क्षणभर उशिरा सोडून, जी मींड वाद्यात नाही ती ऐकणाऱ्याच्या मनात उत्पन्न करणे, हे त्या वादनाचे इंगित होय. नटाचे कार्य याहून निराळे ते कोणते? त्याच्या अंगी राजेपण नसते, वनवास त्याने भोगलेला नसतो. आपल्या देहाच्या आणि आवाजाच्या मर्यादित पट्ट्यांवर तो अशी काही योजना करतो की, नसलेली वस्तू प्रेक्षकाच्या अंतःकरणात साकार व्हावी. हातपेटीवर ठुमरी बोलकी करणारा वादक हा या अर्थाने रंगमंचावर पाऊल टाकण्यापूर्वीच नट झालेला असतो.

या दृष्टीने 1911 सालच्या ‘मानापमान’ नाटकाकडे पाहावे. किर्लोस्कर मंडळीच्या प्रारंभीच्या नाटकांतील पदांना कीर्तनाच्या, लावणीच्या व कर्नाटकी वळणाच्या चालींचा मोठा आधार होता. खाडिलकरांच्या या नाटकासाठी गोविंदरावांनी जो नवा मार्ग धरला तो उत्तरेकडील पूरब अंगाच्या ठुमरीचा आणि तिच्या आप्त असलेल्या गीतप्रकारांचा. हा बदल नावीन्याच्या हौसेपायी झाला असे मानल्यास त्याचे मर्म हातून निसटेल. ठुमरीत एकच शब्द नाना भावांनी उच्चारला जातो. रुसवा, आर्जव, उपहास, शरणागती या सर्वांना एका ओळीत वाव मिळतो. धनिक घरात वाढलेल्या, निर्धन शूराचा अपमान करणाऱ्या आणि मग त्याच शूरावर जीव जडणाऱ्या भामिनीसारख्या नायिकेला हेच संगीत अनुरूप होते, आणि बालगंधर्वांच्या गळ्यातील लाडिक मार्दवालाही तेच पोषक होते. म्हणजे येथेही गोविंदरावांनी साथच केली. फक्त साथीचा विषय व्यापक झाला. पात्राचा स्वभाव, नटाचा गळा आणि नाटककाराचा आशय या तिघांचे ऐकून मगच त्यांनी आपला स्वर लावला. चाली किती पक्क्या पायावर उभ्या होत्या याचा पुरावा दहा वर्षांनी मिळाला. टिळक स्वराज्य फंडाच्या साहाय्यार्थ 8 जुलै 1921 रोजी मुंबईच्या बालीवाला थिएटरात ‘मानापमाना’चा जो संयुक्त प्रयोग झाला, त्यात केशवराव भोसले धैर्यधर होते आणि बालगंधर्व भामिनी. दोन भिन्न प्रकृतीच्या गायकांनी एकाच रात्री त्या चालींतून आपापले वैभव प्रकट केले आणि चालींनी दोघांनाही पुरेसे अंगण दिले.

1913 साली बालगंधर्व, गणपतराव बोडस आणि गोविंदराव किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले व गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली. येथे गोविंदराव भागीदार तर होतेच, पण रंगभूषा करून प्रेक्षकांपुढेही उभे राहिले. बालगंधर्वांसमोर उभे राहणे म्हणजे काय, याची कल्पना आज येणे कठीण आहे. नायिकेने पद उचलावे, प्रेक्षागृहातून वन्समोअरचा घोष उठावा, पद पुन्हा पहिल्यापासून सुरू व्हावे, आणि त्या सगळ्या वेळात समोरच्या नटाला एकही वाक्य नसावे, हा तेव्हाचा शिरस्ता होता. सामान्य नट अशा वेळी केवळ उभा असतो. त्याची दृष्टी शून्यात जाते आणि रंगमंचावरील प्रसंग संपून गाण्याची बैठक सुरू होते. पदातील प्रत्येक हरकतीचा परिणाम ज्याच्या मुद्रेवर उमटेल, जो गाण्याच्या आत राहून ऐकत असेल, असा नट समोर असला तरच ते पद नाटकाचा भाग राहते. साथीदाराच्या शिस्तीत वाढलेल्या माणसाची योग्यता येथे दिसावी, हे ओघानेच आले.

1915 साली त्यांनी स्वतःची शिवराज नाटक मंडळी काढली. गंधर्व मंडळीइतका लौकिक तिला लाभला नाही. तथापि या कारकिर्दीचा सर्वांत बोलका दाखला पुढे 1932 साली मिळाला. प्रभात कंपनीने व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतील पहिला बोलपट काढला, तेव्हा हरिश्चंद्राची भूमिका आणि संगीताची जबाबदारी या दोन्ही गोष्टी गोविंदरावांकडे आल्या. तारामती होत्या दुर्गा खोटे. त्याच वर्षी ‘माया मच्छिंद्र’मध्ये ते मच्छिंद्रनाथ झाले. पार्श्वगायनाची सोय तेव्हा नव्हती. नटाने कॅमेऱ्यासमोर अभिनय करीत असतानाच गायचे, वादकांनी दृश्याच्या चौकटीबाहेर राहून वाजवायचे आणि सगळे एकाच वेळी मुद्रित व्हायचे, असा तो बिकट प्रकार होता. ज्याचे अर्धे लक्ष वाद्यांच्या स्वराकडे व अर्धे समोरच्या पात्राकडे सहज राहू शकेल, अशाच नटाचे हे काम होते. शिवाय हरिश्चंद्र हा जिंकणारा नायक नव्हे. राज्य, पत्नी, पुत्र आणि स्वतःचा देह यांवरील सत्ता एकामागून एक सोडीत जाणारा तो नायक आहे. मागे सरण्याची, सोडून देण्याची विद्या ज्याने कलेत आत्मसात केली होती, त्याच्याकडे ही भूमिका जावी यात मला औचित्य दिसते.

यावर दोन आक्षेप संभवतात. पहिला असा की, अनेक कलांत संचार करणारा कोणत्याच कलेत शिखर गाठीत नाही. गायक म्हणून बालगंधर्वांच्या, किंवा नट म्हणून गणपतराव बोडसांच्या पंक्तीला गोविंदराव बसविले जात नाहीत, तेव्हा वादनाने त्यांची शक्ती विभागली असेच म्हटले पाहिजे. शिखरांची मोजदाद हीच कलेची एकमेव मुनसफी असेल, तर हा आक्षेप मान्य करावा लागेल. परंतु नाटक ही अनेकांनी मिळून सिद्ध करावयाची कला आहे, आणि तीत शिखराइतकेच महत्त्व शिखरे जोडून धरणाऱ्याला असते. गोविंदराव नसते तर ‘मानापमान’ वेगळे झाले असते. प्रभातच्या पहिल्या बोलपटाचा स्वरही वेगळा लागला असता. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. संगीत नाटकाचे युग सरले, गद्य नाटकात नटाला वाद्याचे काय प्रयोजन, असे कोणी विचारील. माझे उत्तर असे की, गद्यालाही लय असते आणि विरामालाही मात्रा असतात. वाक्य कोठे सोडावे, समोरच्याचे वाक्य संपल्यावर किती काळ थांबावे, एका प्रवेशाचा वेग दुसऱ्यात कसा मिसळावा, हे प्रश्न सूर-तालाचेच आहेत.

याची साक्ष पुढील पिढीने दिलेली आहे. पु. ल. देशपांडे उत्तम पेटी वाजवीत, आणि त्यांच्या एकपात्री प्रयोगांतील विरामांची अचूकता पाहिलेल्या कोणासही त्यांच्या वादनाचा आणि नटपणाचा संबंध वेगळा सिद्ध करून दाखवावा लागत नाही. 1967 साली रंगमंचावर आलेल्या ‘कट्यार काळजात घुसली’ नाटकात वसंतराव देशपांड्यांनी खाँसाहेब उभे केले. ते तबल्याचेही जाणकार होते, आणि त्यांच्या संवादांची फेक लयीच्या हिशेबाने चाले. तमाशातील तुणतुणेवाला ‘जी जी’ करीत कथानकात शिरतो व पुन्हा आपल्या जागी जातो, ती रीत याहून कितीतरी जुनी. वाजविणारा आणि सोंग घेणारा यांत भिंत उभी केली ती नाटकगृहाच्या नव्या रचनेने. आमच्या परंपरेने ती कधी मानली नव्हती.

आज स्थिती अशी आहे की, व्यावसायिक नाटकांतून जिवंत वादकांची जागा बव्हंशी मुद्रित संगीताने घेतली आहे. मुद्रित संगीत नटासाठी थांबत नाही. नटानेच त्याच्यासाठी थांबावे लागते. एका रात्री शोक अधिक गहिरा झाला म्हणून स्वर लांबला, दुसऱ्या रात्री प्रेक्षक उतावळे होते म्हणून लय चढली, ही परस्परसंमती त्यामुळे लोपली, आणि तिच्याबरोबर नटाचा कानही मंदावला. यावर उपाय म्हणून जुने संगीत नाटक जसेच्या तसे परत आणावे, असे मी सुचवीत नाही. परंतु नाट्यशिक्षणाच्या संस्थांनी प्रत्येक विद्यार्थ्याला एक तरी वाद्य शिकवावे, आणि ते एकल वादनासाठी न शिकवता दुसऱ्याची साथ करण्यासाठी शिकवावे, ही मागणी अवास्तव खचित नाही. रंगभूमीच्या इतिहासकारांनीही वादकनटांना ऋणनिर्देशातून काढून मूळ प्रकरणांत आणावे आणि त्यांच्या वाद्यापासून अभिनयापर्यंतचा मार्ग शोधावा. गोविंदराव टेंबे यांच्यावरील तो अन्याय दूर करणे आपल्या हाती आहे. आणि तो दूर करताना जो नट आधी ऐकतो व मग बोलतो तोच खरा नट, हा त्यांच्या कारकिर्दीचा धडा नव्या नटांच्या तालमीत रुजविता येईल.