अनोळखी नोंद

हिशेबाच्या वहीत एखादी रक्कम अशी निघावी की जिचा धनीच आठवू नये, हा प्रसंग पूर्वी व्यापारी पेढ्यांवर आणि सरकारी कोषालयांत घडत असे. आता तो घरोघरी घडतो. महिन्याच्या अखेरीस बँकेकडून क्रेडिट कार्डाचे स्टेटमेंट येते, आणि त्यातील एखाद्या ओळीवर बोट ठेवून आपण विचारतो, हे काय बरे? प्रश्न वरकरणी पैशाचा असतो. तो केवळ पैशाचा नाही, हे आम्हांस गेल्या वर्षी जरा महागात कळले. म्हणून हा लेखप्रपंच.

आमचा जन्म भोपाळचाच. १ नोव्हेंबर १९५६ रोजी नवे मध्य प्रदेश राज्य झाले आणि नागपूरची राजधानी सुटली, तेव्हा सचिवालयाच्या कागदपत्रांबरोबर जी मराठी कुटुंबे इकडे आली, त्यांत आमचे वडील होते. तात्या टोपे नगरातील सरकारी क्वार्टरमध्ये रोज रात्री ते घरखर्चाची वही लिहीत, आणि मेळ बसल्याशिवाय जेवावयास उठत नसत. पुढे आम्हीही कोषालय व लेखा विभागात चौतीस वर्षे काढली. ग्वाल्हेरच्या महालेखाकार कार्यालयाकडून येणाऱ्या आक्षेपांना उत्तरे लिहिण्यात त्यांतील बरीचशी गेली. तेव्हा हिशेबातील चूक कशी शोधावी हे आम्हांस कुणी शिकवावे, असे वाटत नव्हते. गर्व होता तो इथेच.

त्या स्टेटमेंटमध्ये दोन नोंदी आमच्या ओळखीच्या नव्हत्या. एक १,३४० रुपयांची, कुठल्याशा फर्मच्या नावे. दुसरी ४९९ रुपयांची, परदेशी नावाची, स्टेटमेंट निघण्याच्या आदल्या दिवशीची. तिचा संदेश फोनवर येऊन न वाचता पडून राहिला होता. दोन्ही नोंदी पाहून आमच्या मनात जो पहिला चेहरा आला, तो चोराचा नव्हता. आमच्याकडे कामाला येणाऱ्या बाईंच्या मुलाचा होता. हा मुलगा कॉलेजात शिकतो. विजेचे बिल, पाणीपट्टी, निवृत्तिवेतनाचा दरवर्षीचा हयातीचा दाखला, अशी आमची ऑनलाईन कामे तोच करून देई. कार्ड त्याच्या हाती आम्हीच देत होतो.

संध्याकाळी तो आला तेव्हा आम्ही काही आरोप केला नाही. एवढेच विचारले, "बेटा, पिछले महीने कार्ड से और कुछ मँगाया था क्या?" तो क्षणभर आमच्याकडे पाहत राहिला. "नहीं अंकल," म्हणाला, चहा न घेता गेला, आणि दुसऱ्या दिवशी आला नाही.

आम्ही तक्रारीचा मसुदा करावयास बसलो. बँकेच्या नमुन्यात एक प्रतिज्ञा होती: पुढील व्यवहार मी केलेले नाहीत व ते माझ्या संमतीने झालेले नाहीत. त्याखाली आम्ही दोन्ही रकमा लिहिल्या. सही तेवढी राहिली होती. तेव्हा सौभाग्यवतींनी स्टेटमेंट हातात घेतले आणि सहज विचारले, "ते पुण्याच्या भाजणीचे पैसे यात कुठे दिसत नाहीत?"

पुण्याहून थालीपिठाची भाजणी, मेतकूट आणि गोडा मसाला त्यांनी स्वतःच्या फोनवरून मागविला होता. ओटीपी आमच्या फोनवर आला होता, आणि तो आम्हीच मोठ्याने वाचून दाखविला होता. खोक्यातले बिल काढून पाहिले: एकूण १,३४० रुपये, आणि तळाशी बारीक अक्षरांत तेच नाव, जे आम्हांस अनोळखी वाटले होते. दुकान एका नावाने चालते, त्याची नोंदणी दुसऱ्या नावाने असते, आणि कधी रक्कम तिसऱ्याच मध्यस्थ कंपनीच्या नावे दिसते, हे पुष्कळांच्या अनुभवाचे आहे. पण लेखाविभागात आयुष्य घालविलेल्या माणसाने एक अनोळखी रक्कम दिसताच एखादी ओळखीची रक्कम गळाली आहे का, हे आधी पाहावयास हवे होते. त्या भाजणीचे थालीपीठ आम्ही त्याच सकाळी खाल्ले होते!

"मला आठवत नाही" आणि "मी केलेले नाही" ही दोन विधाने एक नव्हेत. पहिले आपल्या स्मृतीविषयीचे आहे, दुसरे जगाविषयीचे. पहिले कुणाचेही नुकसान करीत नाही. दुसऱ्यावर सही केली की पैशाची दिशा बदलते. आम्ही खोटी सही केली असती तर १,३४० रुपये कुणी दिले असते? आपली समजूत अशी की बँक देते, आणि बँकेला काय कमी आहे! वस्तुस्थिती निराळी आहे. अशा वादात आपली बँक ती मागणी दुकानदाराच्या बँकेकडे पाठविते, आणि दुकानदाराला पुरावा देता आला नाही तर रक्कम त्याच्याकडून वळती होते. म्हणजे ज्या घरगुती व्यवसायाने आम्हांस भाजणी पाठविली, त्यालाच आम्ही आमच्या विस्मरणाचा दंड केला असता.

आता दुसरी नोंद. ४९९ रुपयांचा उलगडा कशानेच होईना. बंगळुरूहून चिरंजीवांचा फोन आला, ते म्हणाले, "बाबा, पाचशे रुपयांसाठी किती त्रास घ्याल? सोडून द्या." हा सल्ला वाईट हेतूचा नव्हता, आणि आपल्या परंपरेत त्याला मोठा आधार आहे असे वाटण्याचाही संभव आहे. तुकोबांनी वडिलांच्या सावकारीची खते इंद्रायणीत बुडविली, ही कथा आपण लहानपणापासून ऐकत आलो. पण ती पुरती आठवावी. बुडविली ती आपल्या वाट्याची निम्मी खते. उरलेली निम्मी धाकट्या भावाच्या, कान्होबाच्या, स्वाधीन केली. उदारपणा स्वतःच्या हक्कापुरताच करता येतो, हे त्या महापुरुषाने वैराग्याच्या क्षणीही ओळखले होते. ज्यांची खते बुडाली ते गरजू ऋणको होते. आमचे ४९९ रुपये कुणा गरजूकडे जात नव्हते. कार्डाचा क्रमांक मिळविणारे भामटे पुष्कळदा आधी लहान रक्कम काढून पाहतात. कुणी हूं की चूं केले नाही तर मोठा हात मारतात. तिथे सोडून देणे हे औदार्य नसून आळस ठरतो, आणि त्याची किंमत पुढच्या माणसाला मोजावी लागते.

कायदाही तत्परतेच्या बाजूचा आहे. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाने असे ठरविले की, दोष ग्राहकाचा नाही व बँकेचाही नाही अशा प्रसंगी, बँकेची सूचना मिळाल्यापासून कामाच्या तीन दिवसांत ग्राहकाने कळविले तर त्याच्यावर काहीच बोजा नाही. चार ते सात दिवस लागले तर मर्यादित बोजा. त्यापुढे बँकेच्या धोरणाप्रमाणे. कळविल्यावर दहा कामाच्या दिवसांत रक्कम खात्यावर तात्पुरती जमा व्हावी आणि नव्वद दिवसांत निकाल लागावा, असेही त्यात होते. ओटीपी स्वतःच कुणास सांगितला असेल, तर कळवीपर्यंतचे नुकसान मात्र आपले. अमेरिकेत १९७४ च्या कायद्याने बिलातील चुकीबाबत लेखी हरकत घेण्यास साठ दिवसांची मुदत दिली. मुदत कुठलीही असो, ती संशयात नव्हे, तपासात खर्च करावयाची असते. आमचे पहिले दोन दिवस त्या मुलावर संशय घेण्यात गेले. तिसऱ्या दिवशी आम्ही फोन केला, कार्ड बंद करविले, तक्रार क्रमांक लिहून घेतला, आणि प्रतिज्ञेखाली फक्त ४९९ ठेवून सही केली. बँकेतील मुलीने सांगितले, रक्कम परदेशी दुकानाने घेतली असून त्यासाठी ओटीपी मागितलाच गेला नव्हता. यथाकाल पैसे परत मिळाले.

त्या परिपत्रकातील एक कलम मात्र मनातून जात नाही. ग्राहक दोषी आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी बँकेवर, असे त्यात आहे. म्हणजे आमच्यासारख्या अनोळखी ग्राहकाला बँकेने आधी निर्दोष मानावे. नोकरीत आम्हीही हेच पाळले. लेखापरीक्षणाचा आक्षेप नोंदीवर असतो, व्यक्तीवर नसतो. आणि व्यक्तीवर बोट ठेवण्यापूर्वी कारणे दाखवा नोटीस द्यावी लागते, उत्तर ऐकावे लागते. ही नीती आम्ही कार्यालयात चौतीस वर्षे चालविली आणि आपल्या घराच्या ओसरीवर एका संध्याकाळीही चालविली नाही. आपल्यासाठी आम्ही बँकेकडे जे मागत होतो, ते त्या मुलाला द्यावयास तयार नव्हतो. तो गरीब नसता, शेजारच्या बंगल्यातला असता, तर आम्ही तो प्रश्न विचारला असता काय? याचे उत्तर आम्हांस ठाऊक आहे.

देवगिरीवर जनार्दनस्वामींच्या सेवेत असताना एका पैच्या चुकीसाठी एकनाथ महाराजांनी रात्र जागविली, आणि चूक सापडताच आनंदाने टाळी वाजविली, असे सांगतात. त्या कथेत आम्ही आजवर पैचा काटेकोरपणाच पाहत होतो. आता निराळे दिसते. नाथांनी रात्रभर चाळली ती स्वतःचीच वही. कुणा सोबत्याला उठवून त्यांनी विचारल्याचे आमच्या तरी ऐकण्यात नाही.

उलगडा झाला त्याच संध्याकाळी आम्ही उभयता कोटऱ्याला त्यांच्या घरी गेलो. भाजणीची सगळी हकीकत सांगितली आणि चूक आमची होती असे म्हटले. बाईंनी चहा केला. मुलगा म्हणाला, "पूछने में क्या है, अंकल।" तो पुन्हा येऊ लागला आहे. बिले भरून देतो, फॉर्म भरून देतो. फक्त कार्डाचा क्रमांक टाकावयाची वेळ आली की फोन आमच्या हातात देतो, आणि आमचे काम होईपर्यंत खिडकीबाहेर पाहत उभा राहतो.