कोणाच्या घड्याळाने मोजावे?

उज्जयिनीस क्षिप्रेच्या काठी सवाई जयसिंगांनी अठराव्या शतकात वेधशाळा उभारली आणि १९२३ साली ग्वाल्हेर दरबारच्या आश्रयाने तिचा जीर्णोद्धार झाला. तेथील सम्राट यंत्रावरची सावली पाहून कित्येक यात्रेकरू आपल्या घड्याळाशी ताडून पाहतात, आणि वेळ जुळत नाही म्हणून यंत्र बिघडले असे समजतात. वास्तविक भारताची प्रमाणवेळ ८२॥ अंश रेखांशाची आहे. उज्जयिनी त्याच्या पश्चिमेस पावणेसात अंशांवर आहे. म्हणून तेथील सूर्याची वेळ सरासरीने सुमारे २७ मिनिटे मागे असते. सावलीही खरी आणि घड्याळही खरे.

आता आपण अशी कल्पना करू की, याहून थोर असे एक यंत्र कोणी निर्माण केले. त्यावर सर्व लोकांचा प्रकाश आणि सर्व लोकांचा काळ एकाच वेळी उमटतो. ते आपल्याला काय दाखवील? सूर्याचा प्रकाश येथे पोचण्यास सुमारे ८ मिनिटे २० सेकंद लागतात. ज्या ध्रुवाकडे बोट दाखवून आपण मुलांना गोष्ट सांगतो, त्याचा आज दिसणारा किरण चारशेहून अधिक वर्षांपूर्वी निघालेला आहे. देवयानी दीर्घिकेचा प्रकाश तर सुमारे २५ लाख वर्षांचा प्रवासी. शिवाय १९०५ साली आइन्स्टाइन यांनी दाखवून दिले की, वेगाने जाणाऱ्याचा आणि स्थिर असणाऱ्याचा काळ सारखा चालत नाही. १९७१ साली आण्विक घड्याळे विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली, तेव्हा तो सूक्ष्म फरक प्रत्यक्ष मोजलाही गेला. तात्पर्य, आपल्या कल्पनेतल्या यंत्रावर सर्व विश्वाचा मिळून एक 'आत्ता' कोठेच सापडणार नाही.

हे ऐकून कोणी म्हणेल, "इतक्या अफाट काळापुढे माझ्या लहानशा कर्तव्याची मातबरी ती काय? आज केले काय आणि उद्या केले काय!" हा प्रश्न आम्हांस महत्त्वाचा वाटतो, कारण आळसाला तत्त्वज्ञानाचे वस्त्र पांघरणे फार सोपे असते.

श्रीमद्भागवताच्या नवव्या स्कंधातील ककुद्मी राजाची कथा येथे आठवते. कन्या रेवती हिच्यासाठी योग्य वर कोण, हे विचारण्यास तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तेथे गंधर्वांचे गायन चालले होते, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्याने प्रश्न केला, तेव्हा ब्रह्मदेव हसले. तेवढ्या अवधीत पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटली होती. राजाच्या मनात जे वर होते त्यांचे पुत्रपौत्रच काय, गोत्रांची नावेही उरली नव्हती. पुढे ब्रह्मदेवांच्या सांगण्यावरून रेवती बलरामांस दिली गेली.

राजाचे काही चुकले असे आम्ही म्हणत नाही. सभेचा मान राखणे हा शिष्टाचारच होता आणि त्याचा क्षण त्याच्यापुरता क्षणच होता. परंतु असे दोन लोक शोधण्यास ब्रह्मलोकापर्यंत जावे लागत नाही. ते एकाच घरात असतात. माजघरात आजारी पडलेली आई औषधाची वाट पाहत असते आणि ओसरीवर गप्पांत रमलेला मुलगा म्हणतो, "आलोच एवढ्यात." त्याचा 'एवढ्यात' खोटा नसतो, पण आईच्या खाटेवर तोच एक प्रहर होतो. उसने घेणाऱ्याचा 'पुढचा महिना' आणि देणाऱ्याचा 'पुढचा महिना' यांची लांबी निराळी असते. रुसलेल्या भावाला लिहावयाचे पत्र 'सवडीने' लिहू म्हणता म्हणता वाचणाराच उरत नाही.

म्हणून आमचे म्हणणे इतकेच की, दोन्ही घड्याळे खरी असली, तरी कर्तव्य मोजताना वाट पाहणाऱ्याचे घड्याळ प्रमाण मानावे. सुख भोगताना आपले घड्याळ वापरण्यास हरकत नाही. देणे फेडताना ते चालत नाही.

मग सर्वांच्या घड्याळांनी धावत मनुष्याने जगावे तरी कसे? याचे उत्तर आपल्या पूजेतच आहे. गुरुजी संकल्प सांगतात तेव्हा कल्प, मन्वंतर, युग असा अफाट काळ प्रथम उच्चारतात. मग देश, नदीचा तीर, संवत्सर, मास, तिथी, वार असे उतरत उतरत यजमानाच्या गोत्रावर आणि नावावर येतात, आणि मग पळीभर पाणी ताम्हनात सोडले जाते. ज्या कालसागराचे निमित्त करून आपण काम टाळतो, तोच येथे साक्षीला बोलावून एक छोटे काम आजच्या तिथीस, या ठिकाणी, या मनुष्याकडे सोपविले जाते. सर्व लोकांचा काळ दाखविणारे यंत्र ही कल्पनाच राहो. हा संकल्प मात्र आपल्या हातात आहे.

पुढच्या वेळी हातावर पाणी घ्याल तेव्हा, आपली वाट पाहत कोणी बसले आहे काय, एवढे मनाशी विचारावे. आणि असेल तर आरती होताच प्रथम तिकडे जावे.