चर्चचं एक जग आणि मराठवाडा

23 ऑगस्ट 1948 रोजी ॲम्स्टरडॅमला जागतिक चर्च परिषद स्थापन झाली. 44 देशांतल्या 147 चर्चचे प्रतिनिधी जमले होते. दोन महायुद्धं पाहिलेल्या या मंडळींचं निदान साधं होतं: राष्ट्राराष्ट्रांची मस्ती हाच रोग, आणि राष्ट्रांच्या डोक्यावर कुणीतरी असणं हाच उपाय. याच्या दोनच दिवस आधी हैदराबादच्या निजाम सरकारनं भारताविरुद्ध गाऱ्हाणं मांडणारी तार सुरक्षा परिषदेला धाडली होती. तिलाही राष्ट्रांच्या वरचा न्यायाधीश हवा होता.

त्याच निजामाच्या राज्यातल्या मराठवाड्यात, नांदेड-लातूरकडे (लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातलं) रझाकारांची दहशत शिगेला पोचली होती. निजामाविरुद्धच्या लढ्याचे नेते स्वामी रामानंद तीर्थ तुरुंगात होते. लढ्याला पैसा हवा म्हणून उमरीची बँक लुटली गेली, त्यालाही काही महिने झाले होते. पॅरिसला 16 सप्टेंबरला सुरक्षा परिषदेनं तक्रार ऐकायला घेतली, आणि दुसऱ्याच दिवशी निजामानं भारतीय फौजांपुढे शस्त्रं खाली ठेवली. इथल्या माणसाला राष्ट्र म्हणजे रोग कसा वाटावा? त्याची सुटकाच राष्ट्रात सामील होण्यानं झाली. जगाचं व्यासपीठ त्यानं पहिल्यांदा पाहिलं ते निजामाच्या वकिलीला उपयोगी पडलेलं.

चर्चच्या या धडपडीला नुसतं भाबडं म्हणणं मात्र अन्यायाचं होईल. त्याच पॅरिसमध्ये 10 डिसेंबरला मानवी हक्कांचा जाहीरनामा मंजूर झाला. त्यातल्या धर्मस्वातंत्र्याच्या 18व्या कलमामागे फ्रेडरिक नोल्डी या लुथरन प्राध्यापकाची चिकाटी होती. चर्चच्या आंतरराष्ट्रीय व्यवहार आयोगाचा तो संचालक. धर्म बदलण्याचा हक्क त्या कलमात स्पष्ट शब्दांत आहे, आणि त्यावर आपल्याकडे आजही वाद पेटतात.

पण याच वर्तुळात जॉन फॉस्टर डलेस होते. महायुद्धाच्या काळात अमेरिकी चर्चच्या 'न्याय्य आणि टिकाऊ शांतता' आयोगाचे ते अध्यक्ष. राष्ट्रांनी एकमेकांशी बांधील राहावं, परतंत्र लोकांना स्वायत्तता मिळावी, असा आराखडा या आयोगानं 1943 मध्ये मांडला होता. ॲम्स्टरडॅमच्या व्यासपीठावरही ते बोलले. पुढे परराष्ट्रमंत्री झाल्यावर, डिसेंबर 1955 मध्ये, त्यांनी पोर्तुगालच्या परराष्ट्रमंत्र्याबरोबर काढलेल्या निवेदनात गोव्याचा समावेश पोर्तुगालच्या 'प्रांतां'त केला. ऑगस्टमध्येच गोव्याच्या हद्दीवर निःशस्त्र सत्याग्रही गोळ्यांनी पडले होते. डलेस ढोंगी होते असं मला वाटत नाही. एक जग म्हणजे आपल्या गटाचं जग, हे त्यांना इतकं स्वाभाविक होतं की विसंगती जाणवलीच नसावी. असा माणूस ढोंग्यापेक्षा अधिक अवघड.

यात दुरुस्ती केली ती आशियातल्या ख्रिस्ती विचारवंतांनी. केरळचे एम. एम. थॉमस 1968 ते 1975 या काळात जागतिक चर्च परिषदेच्या मध्यवर्ती समितीचे अध्यक्ष होते. आशियातला राष्ट्रवाद हा गुलामांनी माणूस म्हणून उभं राहण्याचा प्रकार आहे, ही त्यांच्या मांडणीची दिशा. तो पुढे आंधळा होऊ शकतो, हेही ते जाणून होते. कॅथलिकांकडे एका जगाचा सूर मुंबईत उमटला. डिसेंबर 1964 मध्ये पोप सहावे पॉल युकॅरिस्टिक काँग्रेससाठी आले आणि शस्त्रांवरच्या खर्चातला काही भाग काढून गरिबांसाठी जागतिक निधी उभारा, असं आवाहन करून गेले. 1967च्या परिपत्रकात त्यांनी मुंबईचं नाव घेऊन ते पुन्हा मांडलं. शस्त्रांचा पैसा काही हलला नाही.

30 सप्टेंबर 1993च्या पहाटे, गणेश विसर्जनाच्या रात्रीनंतर, मराठवाड्यातला किल्लारी परिसर भूकंपात कोसळला. माळवदांवरच्या मातीचे थर आणि मातीत रचलेल्या जाडजूड दगडी भिंती झोपलेल्या माणसांवर आल्या. मदतीला देशोदेशीचा पैसा आला. सरकार, जागतिक बँक, स्वयंसेवी संस्था होत्या, तशा 'कासा' आणि 'कॅरिटास' या चर्चच्या संस्थाही होत्या. राजकीय ऐक्याच्या ठरावांत जे साधलं नव्हतं, ते मदतीच्या ट्रकांत थोडंफार साधलं.

52 गावं नव्या जागी वसली. घरं जमिनीच्या हिशोबानं मिळाली: 250, 450 किंवा 750 चौरस फूट. बऱ्याच ठिकाणी गल्ल्या पट्टीनं आखाव्यात तशा सरळ. बैल कुठे बांधायचा, कडबा कुठे रचायचा, भावकी शेजारी राहणार की नाही, हे प्रश्न नकाशात मावले नाहीत. लोकांनी पुढे घरासमोर पत्र्याची शेड ठोकून आपली सोय आपण केली. दोष एकट्या चर्चच्या संस्थांचा मुळीच नाही, आराखडे सगळ्यांचेच होते. पण ॲम्स्टरडॅमची मंडळी जग एक करायला निघाली तेव्हा जे झालं, तेच इथे वीतभर आकारात दिसतं: पैसा खरा, कळकळ खरी, आणि ज्याचं घर त्याला विचारायचं राहून गेलेलं. उद्या कुणी जगाचा निधी खरोखर उभा केलाच, तर त्याच्या समितीत सास्तूर-किल्लारीकडचा एखादा अल्पभूधारक बसणार आहे का, हा माझा त्यांना पहिला प्रश्न असेल.