अनुतापाचा शिलालेख

निर्मळच्या कार्तिकी जत्रेला जाणाऱ्या आपल्या मंडळींना भुईगाव नवे नाही. याच भुईगावात 1956 साली एक कोरीव दगड सापडला. तो सम्राट अशोकाच्या नवव्या लेखाचा तुकडा. त्याआधी 1882 साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांना जवळच्या सोपाऱ्यात आठव्या लेखाचा तुकडा मिळाला होता. असे चौदा लेख आहेत. त्यांतला तेरावा आपल्याकडे हाती आलेला नाही. पण गिरनारच्या पायथ्याशी आणि इतरत्र तो आहे. आज त्याविषयीच बोलायचे आहे.

राज्याभिषेकानंतर आठ वर्षांनी, इ. स. पूर्व 261 च्या सुमारास, अशोकाने कलिंग जिंकला. दीड लाख माणसे धरून नेली, एक लाख ठार झाली, आणि त्याच्या कितीतरी पट मागाहून मेली. हे कोणा वैऱ्याने लिहिलेले नाही. जिंकणाऱ्यानेच आपल्या नावाने ते येणाऱ्याजाणाऱ्यासाठी खडकावर खोदविले, आणि याचा पश्चात्ताप होतो म्हणून सांगितले. जे स्वतः वाचले त्यांचेही जिवलग गेले, हे दुःखही त्याने मोजले.

वाल्याची गोष्ट आपण कीर्तनात किती वेळा ऐकतो! पापात वाटेकरी कोणी नाही, असे घरच्यांनी सांगितले तेव्हा त्याचे डोळे उघडले. राजाचे उलट असते. त्याला हवे तेवढे वाटेकरी मिळतात : सेनापती, मंत्री, राजधर्म. तरी अशोकाने भार आपल्या माथी घेतला.

पण एक गोष्ट आमच्या मनाला टोचते. खुद्द कलिंगात, धौली आणि जौगडच्या खडकांवर, हा तेरावा लेख नाही. तिथे अधिकाऱ्यांना ताकीद आहे की सगळी प्रजा लेकरांसारखी माना, विनाकारण कोणाला कैदेत टाकू नका. कोणी म्हणेल, राजा लाजला. कोणी म्हणेल, ज्यांची घरे बुडाली त्यांना आकडे कशाला सांगायचे, त्यांना न्यायच हवा. दोन्हींत तथ्य आहे. परंतु नेलेली माणसे परत धाडली, असे त्या तेराव्या लेखात कुठेच नाही. रानातल्या लोकांना तर त्यात दमही भरला आहे. अनुताप खरा, पण तलवार अजून खुंटीला होतीच.

मग तो फुकट गेला काय? तसे आम्हाला वाटत नाही. आठवा लेख सांगतो की पूर्वीचे राजे शिकारीला हिंडत; अशोक अभिषेकाला दहा वर्षे झाल्यावर बोधगयेला गेला, आणि पुढे साधू, वृद्ध, खेड्यातली माणसे यांच्या भेटीला जाऊ लागला. पाऊल तरी वळले.

लढाईवरून आलेल्या एखाद्या शिपायाला आपले केलेले बोलावेसे वाटले, तर त्याला खुळा म्हणून गप्प करू नये, बसवून ऐकावे. आणि आपले काय? कोणी भावाचा बांध कोरला, कोणी सुनेला छळले, कोणी खोटी साक्ष दिली. कळसाला हात जोडून ‘देवा, चुकलो’ म्हणणे सोपे आहे. यंदा वारीला निघण्याआधी त्या दारी जाऊ, घेतले असेल ते परत करू, आणि मग वाट धरू.

रामकृष्णहरि.