हाड कोणाचे, नाव कोणाचे?

मराठीत ‘सापडणे’ आणि ‘शोध लावणे’ ही दोन निराळी क्रियापदे आहेत, आणि ती निराळी ठेवण्यात आपल्या भाषेने मोठे शहाणपण दाखवले आहे. वाटेत पडलेली अंगठी सापडते. तिचा शोध कोणी लावत नाही. ‘मला अंगठी सापडली’ या वाक्यात सगळा मान अंगठीकडे जातो आणि माणूस चतुर्थीचा ‘ला’ लावून बाजूला उभा राहतो. शोध लावणारा मात्र तृतीयेचा ‘ने’ लावून वाक्याचा यजमान होतो. न्यूटनने शोध लावला, कोलंबसाने शोध लावला. ज्यांना नुसतेच काही सापडले त्यांची नावे इतिहासात शोधू लागावे, तर ती सहसा सापडत नाहीत.

डायनोसॉर या अजस्र प्राण्यांच्या हाडांचा गेल्या दोनशे वर्षांचा इतिहास वाचताना ही दोन क्रियापदे पानोपानी एकमेकांशी भांडताना दिसतात. भांडण वरवर शास्त्रातले आहे, पण त्याचा गाभा नीतीचा आहे. जमिनीखाली कोट्यवधी वर्षे कोणाचीच नसलेली वस्तू वर आली की ती कोणाची होते? ज्याच्या हाताला लागली त्याची, की ज्याला ती काय आहे हे कळले त्याची? ज्याच्या शेतात निघाली त्याची, की ज्याने पैसे मोजले त्याची?

इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर लाइम रीजिस नावाचे गाव आहे. तेथे मेरी ॲनिंग नावाची एका सुताराची मुलगी राहत असे. बाप १८१० साली कर्ज मागे ठेवून वारला आणि कड्याखाली सापडणारे दगडी शंखशिंपले प्रवाशांना विकून घर चालू लागले. १८११ मध्ये तिच्या भावाला एक विचित्र कवटी दिसली. पुढच्या वर्षी मेरीने त्या जनावराचा उरलेला सांगाडा शोधून काढला. तेव्हा तिचे वय होते अवघे बारा-तेरा वर्षांचे. गावच्या जमीनदाराने तो तेवीस पौंडांना घेतला. १८१४ साली लंडनच्या एका नामांकित शल्यवैद्याने त्याचे वर्णन विद्वानांपुढे ठेवले. त्यात मेरीचे नाव नव्हते. पुढे तिने कितीतरी सांगाडे काढले. शास्त्राच्या काटेकोर भाषेत हे प्राणी डायनोसॉर नव्हेत, समुद्रात राहणारे त्यांचे समकालीन होत. पण जुन्या जगाबद्दलचे कुतूहल युरोपात पेटले ते याच हाडांनी. दरड कोसळून मेरीचा कुत्रा डोळ्यांदेखत गाडला गेला, ती थोडक्यात वाचली, आणि दुसऱ्या वादळानंतर पुन्हा कड्याखाली गेली. लंडनच्या भूशास्त्रीय सभेत बायकांना सभासद होता येत नव्हते. १८४७ साली ती वारली तेव्हा त्याच सभेच्या अध्यक्षाने तिच्यावर आदराचे मृत्युलेखन वाचले. जिवंतपणी दार बंद आणि मेल्यावर गौरव, हा प्रकार आपल्याला काही नवा नाही.

कोणी म्हणेल, ती गरीब होती, बाई होती, म्हणून असे झाले. अंशतः खरे आहे. पण मग गिडियन मँटेलचे काय? तो पुरुष होता, सुशिक्षित होता, ससेक्समधल्या ल्यूइस गावचा चांगला चालता डॉक्टर होता. दिवसा बाळंतपणे आणि ताप, रात्री दगड. १८२२ च्या सुमारास त्याच्या हाती काही मोठे, झिजलेले दात आले. ते रस्त्यावरच्या खडीत त्याच्या बायकोला दिसले अशी गोष्ट मुलांच्या पुस्तकांत अजून छापली जाते. स्वतः मँटेलनेच आधी ती सांगितली आणि म्हातारपणाकडे झुकल्यावर दात आपल्यालाच मिळाले असे लिहिले. एका घरातल्या एका दाताचे श्रेय जिथे नवराबायकोत सरळ वाटले जात नाही, तिथे विद्वानांच्या सभेत काय होणार! पॅरिसचा थोर शास्त्रज्ञ क्यूव्हिए प्रथम म्हणाला, हे गेंड्याचे. मँटेलने हट्ट सोडला नाही. अखेर लंडनच्या शल्यवैद्यांच्या संग्रहालयात एका साहाय्यकाने त्याला अमेरिकेतल्या इग्वाना सरड्याचे दात दाखवले, आणि १८२५ मध्ये ‘इग्वानोडॉन’ हे नाव जगापुढे आले. मँटेलने घरच संग्रहालय करून टाकले. व्यवसाय बुडाला, १८३९ साली बायको सोडून गेली, १८४१ मध्ये घोडागाडीच्या अपघातात पाठीचा कणा दुखावला.

आणि नेमक्या याच वेळी रिचर्ड ओवेन पुढे आला. ओवेनची बुद्धी अफाट होती, हे त्याच्या शत्रूंनीही नाकारले नाही. मेगॅलोसॉरस, इग्वानोडॉन आणि हायलिओसॉरस हे तीन प्राणी एकाच कुळातले आहेत आणि हे कूळ आजच्या सरड्यांहून वेगळे आहे, हे त्याने ओळखले. १८४२ साली त्याने त्या कुळाला ‘डायनोसॉरिया’, म्हणजे भयंकर सरडे, हे नाव दिले. तिघांपैकी दोघांना आधी मँटेलने नावे दिली होती. पण कुळाचे नाव ओवेनचे झाले, आणि कुळाचे नाव ज्याचे त्याचे घराणे, हा जगाचा न्याय आहे. मँटेल दुखण्यावर अफू घेत घेत १८५२ साली अफूच्या जास्त मात्रेने मेला. त्यानंतर एक निनावी मृत्युलेख छापून आला. त्यात त्याच्या कामाची हेटाळणी होती, आणि तो ओवेनचाच असे बहुतेक सर्व मानतात. मँटेलच्या कण्याचा वाकडा झालेला भाग काढून लंडनच्या शल्यवैद्यांच्या संग्रहालयात ठेवण्यात आला; त्या संग्रहालयाचा प्रमुख तेव्हा ओवेन होता. आयुष्यभर दुसऱ्यांची हाडे गोळा करणाऱ्या माणसाचे हाड अशा रीतीने फळीवर बसले. कादंबरीत हे कोणी लिहिले असते तर आपण लेखकाला अतिरंजित म्हटले असते.

पुढे १८५४ साली लंडनच्या सिडनहॅम भागात स्फटिक महालाच्या बागेत या प्राण्यांचे सिमेंटविटांचे प्रचंड पुतळे उभे राहिले. ते अजून तिथे आहेत. सामान्य माणसाने डायनोसॉर प्रथम डोळ्यांनी पाहिला तो तिथे. त्याआधी १८५३ च्या ३१ डिसेंबरला, अर्धवट झालेल्या इग्वानोडॉनच्या पोटात टेबल मांडून एकवीस पाहुण्यांची मेजवानी झाली. सल्लागार म्हणून ओवेन मानाच्या जागी होता. त्या इग्वानोडॉनच्या नाकावर एक शिंग होते. १८७८ मध्ये बेल्जममधल्या बेर्निसार गावी कोळसा खणणाऱ्या मजुरांना ३२२ मीटर खोलीवर इग्वानोडॉनचे अख्खे सांगाडे लागले, तेव्हा कळले की ते शिंग नव्हेच. तो हाताचा अंगठा. म्हणजे ज्याने नाव दिले त्याला अंगठा कळला नाही, ज्याने कुळाला नाव दिले त्यालाही कळला नाही. तो दाखवला काळवंडलेल्या खाणमजुरांच्या कुदळींनी.

अमेरिकेतला प्रकार थोडक्यात सांगतो, कारण तो आधीच फार सांगून झाला आहे. मार्श आणि कोप या दोन धनाढ्य पंडितांनी एकमेकांवर कुरघोडी करण्यासाठी गेल्याच्या आधीच्या शतकात माणसे फोडली, आणि दुसऱ्याला मिळू नये म्हणून मागे उरलेली हाडे फोडल्याचेही सांगतात. मार्शने १८७७ साली एका प्राण्याला ॲपॅटोसॉरस म्हटले आणि १८७९ साली घाईघाईत तशाच दुसऱ्याला ब्राँटोसॉरस. १९०३ साली दोन्ही एकच ठरले आणि नियमाप्रमाणे आधीचे नाव राहिले. लोक मात्र शंभर वर्षे ब्राँटोसॉरसच म्हणत राहिले. २०१५ मध्ये काही शास्त्रज्ञांनी दोन्ही खरोखर वेगळे असल्याचे मांडले.

आता नाव देणाऱ्याची बाजूही ऐकली पाहिजे. नाहीतर आपण गरिबाच्या बाजूने बोलल्याचे समाधान घेऊन उठू, आणि ते समाधान फार स्वस्त असते. गुजरातेत बालासिनोरजवळ रायोली नावाचे गाव आहे. तिथे डायनोसॉरच्या अंड्याचा दगड एका घरात मसाला वाटायला वापरात होता असे सांगतात. मध्य प्रदेशातल्या धार जिल्ह्यात शेतात मिळालेले गोल दगड लोक काकड भैरव म्हणून पूजत आले. शेताची आणि गुरांची राखण तो करतो अशी श्रद्धा. २०२३ साली तज्ज्ञांनी ते दगड टायटनोसॉर जातीची अंडी असल्याचे सांगितल्याच्या बातम्या आल्या. मसाला वाटणाऱ्या बाईला अंडे सापडले होते का? हाताला लागले होते खरे. पण ते सहासात कोटी वर्षांपूर्वीच्या आईने घातले होते, हे तिला सांगायला ओवेनच्याच जातीचे कोणीतरी लागले. अर्थ कळल्याशिवाय हाड हा दगडच असतो. आणि अर्थ सांगणे ही चोरी नव्हे, ते दान आहे.

मला गुन्हा वाटतो तो दुसऱ्याच ठिकाणी. ‘मला कळले’ म्हणता म्हणता ‘मलाच मिळाले’ म्हणण्यापर्यंत माणूस केव्हा घसरतो, ते त्याचे त्यालाही उमगत नाही. ओवेनचे ज्ञान त्याचे होते. मँटेलचे वीस वर्षांचे जागरण त्याचे नव्हते. धारच्या शेतकऱ्याने पिढ्यानपिढ्या तो दगड फोडला नाही, फेकला नाही, शेंदूर लावून जपला. जपणे हीसुद्धा एक जाण आहे, आणि शास्त्राच्या कागदावर तिच्यासाठी रकाना नाही.

या तिघांच्या भांडणात अलीकडे चौथा येऊन बसला आहे, तो म्हणजे पैसा. १९९० साली अमेरिकेत साउथ डकोटात स्यू हेंड्रिक्सन हिला टायरॅनोसॉरसचा फार मोठा सांगाडा दिसला. तिच्या सोबत्यांनी जमीनमालकाला पाच हजार डॉलर दिले. मालक लाकोटा जमातीचा, जमीन सरकारच्या विश्वस्तपणाखाली. दोन वर्षांनी सरकारने पहारा लावून हाडे उचलली. न्यायालयाने निकाल दिला की जमिनीतले हाड ही जमीनच आहे. सरकारला विचारल्याशिवाय ती विकताच येत नाही. १९९७ मध्ये लिलाव होऊन शिकागोच्या संग्रहालयाने तो सांगाडा सुमारे ८३ लाख ६० हजार डॉलरांना घेतला. हाडे गेली, नाव मात्र ‘स्यू’च राहिले; सापडणारीचे नाव सांगाड्यालाच चिकटले, ही त्या सगळ्या कज्ज्यातली एकच गोड गोष्ट. २०२४ साली एका स्टेगोसॉरसला लिलावात ४ कोटी ४६ लाख डॉलर आले. तो एका श्रीमंताने घेतला आणि संग्रहालयाला पाहायला उसना दिला. पंधरा कोटी वर्षांच्या प्राण्याला मालक मिळाला!

मुलांचे या प्राण्यांवरचे प्रेम पाहिले की या पार्श्वभूमीवर मन निवते. ज्या पोराला ‘र’ नीट म्हणता येत नाही ते टायरॅनोसॉरस बिनचूक म्हणते. त्याला त्यातले काही विकत घ्यायचे नसते. लाइम रीजिसला मेरी ॲनिंगचा पुतळा २०२२ साली उभा राहिला, तोही एका शाळकरी मुलीने चालवलेल्या मोहिमेतून. भूशास्त्रीय सभेला जे सुचायला हवे होते ते तिला सुचले.

आपल्या देशातली पहिली हाडे मिळाली ती १८२८ साली, जबलपूरला. नागपूरकर भोसल्यांच्या अमलातून ते शहर कंपनीकडे जाऊन तेव्हा जेमतेम दहा वर्षे झाली होती. पुढे ठगांच्या बंदोबस्ताने गाजलेला कॅप्टन स्लीमन याला बडा शिमला टेकडीपाशी ती मिळाली. डायनोसॉर हा शब्द जन्मायला अजून चौदा वर्षे होती. हाडे एका डॉक्टरकडे गेली, तिथून कलकत्त्याला जेम्स प्रिन्सेपकडे. १८७७ साली लिडेकरने त्यांना ‘टायटनोसॉरस इंडिकस’ हे नाव दिले, आणि त्यावरून टायटनोसॉर हे सगळ्या कुळाचे नाव जगभर रूढ झाले. पुढे हाडे हरवली. २००३ साली शास्त्रज्ञांनी ठरवले की ज्या लक्षणांवर लिडेकरने नाव दिले ती इतर अनेक प्राण्यांतही आढळतात, तेव्हा या विशिष्ट प्राण्याचे ते नाव ग्राह्य धरता येत नाही. हाड गेले, मागोमाग नावही गेले.

२०१२ च्या एप्रिलमध्ये नागपूरचे भूशास्त्रज्ञ धनंजय मोहबे आणि त्यांचे सहकारी कलकत्त्यात भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या संग्रहातले जुने नमुने तपासत होते. त्यांत स्लीमनच्या जबलपूरच्या हाडांतला शेपटीचा मणका निघाला.