निवृत्तीचे वेतन

‘निवृत्तिवेतन’ हा शब्द मला नेहमी थोडा चमत्कारिक वाटत आला आहे. निवृत्ती म्हणजे व्यापातून मन काढून घेणे आणि वेतन म्हणजे कामाचा मोबदला. काम सोडल्याचा मोबदला, असा हा विरुद्ध टोके एका दोरीने बांधणारा समास! आपल्या जुन्या आश्रमव्यवस्थेत ही अडचण नव्हती. वानप्रस्थाला निघालेल्या गृहस्थाला अरण्यात घरभाडे द्यावे लागत नसे, विजेचे बिल येत नसे आणि रक्तदाबाच्या गोळ्याही घ्याव्या लागत नसत. आम्ही वनात जात नाही. फार तर सोसायटीच्या बागेतल्या बाकापर्यंत जातो. तेव्हा वेतन हवेच. प्रश्न एवढाच की, ते कोणी द्यावे आणि कोणत्या नात्याने द्यावे?

मी माध्यमिक शाळेत बत्तीस वर्षे शिकवून निवृत्त झालो. दरमहा बँकेत पेन्शन जमा होते. नोव्हेंबरात, दिवाळीच्या मागेपुढे, हयातीचा दाखला द्यावा लागतो. मी जिवंत आहे की नाही ह्याची इतकी नेमाने चौकशी दुसरे कोणी करीत नाही! परंतु त्या दाखल्यात मोठा धीर आहे. जोवर मी आहे तोवर पैसे येत राहतील. मी किती वर्षे जगणार हे मला ठाऊक नाही, आणि ठाऊक असण्याची गरजही नाही.

माझी मुलगीही शिक्षिकाच आहे. पण राज्याने १ नोव्हेंबर २००५ पासून नव्याने लागणाऱ्यांना जुनी पेन्शन बंद केली, आणि ती त्यानंतर लागली. (केंद्राने १ जानेवारी २००४ पासूनच हा बदल केला होता.) तिच्या पगारातून काही रक्कम कापली जाते, सरकार आपली भर घालते आणि तो पैसा बाजारात गुंतवला जातो. आमच्याकडे भांडी घासायला येणाऱ्या मावशींच्या नावे तर कोठेच काही साठत नाही. एका घरातला फराळ खाणारी आम्ही तीन माणसे. म्हातारपण तिघांनाही यायचे आहे. त्याची तरतूद मात्र तीन तऱ्हांची. ह्यात न्याय कोणता?

पेन्शन ही मेहेरबानी आहे, असे एके काळी उघडउघड मानले जाई. १८१८ साली दुसऱ्या बाजीरावाने राज्य सोडले तेव्हा कंपनी सरकारने त्याला सालीना आठ लाख रुपये ठरवून दिले. त्यानंतर तो तेहतीस वर्षे जगला. १८५१ साली तो वारल्यावर दत्तक पुत्र नानासाहेबांनी ती पेन्शन मागितली, तेव्हा कंपनीने साफ नकार दिला. देणाऱ्याची मर्जी संपली की मेहेरबानी संपते.

ह्या विचाराला आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १७ डिसेंबर १९८२ रोजी, नकारा खटल्याच्या निकालात, पूर्णविराम दिला. त्या घटनापीठाचे अध्यक्ष होते सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड. पेन्शन ही बक्षिसी नव्हे, मालकाच्या लहरीवर ती अवलंबून नाही. केलेल्या सेवेतून उत्पन्न झालेला तो हक्क आहे, असे ह्या निकालाने ठरले. म्हणून पेन्शनर मंडळी १७ डिसेंबर हा आपला दिवस मानतात.

मेहेरबानी आणि हक्क ह्यांच्यामागून तिसरा विचार आला, तो बचतीचा. ज्याने त्याने आपल्यापुरते साठवावे आणि आपल्यापुरते खावे. वरवर पाहता ह्यात वावगे काही नाही. काटकसर हा आपल्या मध्यमवर्गाचा कुळाचारच. थेंबे थेंबे तळे साचते हेही खरे. पण साचलेले तळे किती दिवस पुरेल, हे पिणाऱ्याच्या आयुष्यावर अवलंबून असते. साठीला निवृत्त झालेला एक माणूस पासष्टीत जातो, दुसरा पंचाण्णव वर्षे जगतो. आपण कोणत्या रांगेत आहोत हे आधी कळत नाही. म्हणून एकट्याने साठवणाऱ्याला पंचाण्णवाच्या हिशेबाने साठवावे लागते आणि पुढे ते साठवलेलेही भीत भीत खर्चावे लागते. तेच हजार माणसे एकत्र आली तर त्यांना सरासरी आयुष्यापुरते साठवून भागते. जो लवकर जातो त्याचे उरलेले, जो मागे राहतो त्याला पुरते. कोणी ह्याला विमा म्हणेल. मला ती एकत्र कुटुंबाची रीत वाटते. दीर्घायुष्य हा आपल्याकडे आशीर्वाद आहे. ज्या व्यवस्थेत माणसाला त्याचीच धास्ती वाटू लागते, तिच्यात कोठेतरी खोट आहे.

म्हणूनच १४ मार्च २०२३ रोजी राज्यातले लाखो कर्मचारी जुन्या पेन्शनसाठी संपावर गेले, तेव्हा माझे मन त्यांच्याकडे होते. पण त्या आठवड्यात मावशींनी भांडी पुसता पुसता विचारले, “सर, ह्यांची पेन्शन येती कुठनं?” ह्या प्रश्नाला बगल देता येत नाही. माझी पेन्शन माझ्या नावाने साठवलेल्या पेटीतून येत नाही. ती आजच्या करांतून येते. मावशी साबणाची वडी घेतात तेव्हा त्याही कर भरतात. ज्यांना कोणीच वचन दिलेले नाही त्यांच्या पैशांतून माझे वचन पाळले जाते. हक्क खरा, पण तो निम्म्या वाटेवरच थांबलेला.

खाजगी नोकरांसाठी १९५२ साली भविष्यनिर्वाह निधीचा कायदा झाला आणि १९९५ साली त्याला पेन्शनची जोड मिळाली. २०१४ साली तिची किमान रक्कम महिना हजार रुपये ठरली. हजार रुपयांत म्हातारपण कसे काढावे, हे मात्र कोणी सांगितले नाही. केंद्राने एप्रिल २०२५ पासून आपल्या कर्मचाऱ्यांसाठी एकीकृत योजना आणली. पंचवीस वर्षे सेवा केलेल्याला अखेरच्या बारा महिन्यांच्या सरासरी मूळ वेतनाच्या निम्म्याची हमी. पण त्यासाठी कर्मचाऱ्यानेही दरमहा वाटा द्यायचा. वचनही आहे आणि त्याची किंमत आधी मोजलेलीही आहे. ही दिशा मला पटते.

पण ज्याला एक ठरलेला मालकच नाही, त्याचे काय? महाराष्ट्राने ह्याचे उत्तर फार पूर्वी दिले आहे. १९६९ च्या माथाडी कायद्याने पाठीवर पोती वाहणाऱ्या हमालांसाठी मंडळे निघाली. आज ह्या व्यापाऱ्याचे ओझे, उद्या त्या. पण मजुरीबरोबर प्रत्येकाकडून जादा आकार मंडळाने घ्यायचा आणि त्यातून हमालाचा भविष्यनिर्वाह निधी उभा करायचा. मावशीही रोज चार घरी जातात. अटल पेन्शन योजना आली ती २०१५ साली, चाळिशीपर्यंतच्यांसाठी. मावशींची चाळिशी तेव्हा उलटून गेली होती. पासष्टीनंतर राज्याची श्रावणबाळ योजना आहे; पण तीही अगदी निराधारांसाठी.

त्या योजनेच्या नावापाशी मी नेहमी थबकतो. श्रावणाने आईबापांना कावडीत बसवून खांद्यावरून नेले, ही कथा आपण मुलांना कौतुकाने सांगतो. तिचा शेवट घाईने सांगतो. श्रावण एकटा होता. त्याला बाण लागला आणि कावड तिथेच राहिली. म्हातारपणाचे ओझे एका खांद्यावर, मग तो मुलाचा असो की स्वतःचा, टाकण्यात हा धोका आहे.

दिवाळीत आपण घरोघरी मावशींना साडी देतो, एक पगार वर देतो. तो द्यावाच. परंतु कंपनी सरकारनेही बाजीरावाला जे दिले ते ह्याच नात्याने दिले होते. त्यांचे हात थकल्यावर, आपली मर्जी असो वा नसो, त्यांच्या घरी दरमहा काही पोचेल अशी तजवीज चार घरांनी मिळून करता येईल की नाही? फराळाला सारे जमाल तेव्हा हा हिशेब एकदा कागदावर मांडून पाहावा. आकडे फार मोठे येत नाहीत.